वीतभर वर

आत्या, आज तुमचा दहावा झाला. नदीवरून येऊन माणसं जेवली, पांगली, आणि मी आता तुमच्या खळ्याच्या कडेला, तुम्ही भात पाखडायला बसायचात त्या दगडावर बसून हे लिहितेय. चपला बाहेर काढून ठेवल्यात, काळजी करू नका. कावळा शिवायला उशीर झाला म्हणून सकाळपासून सगळ्या रिहे गावात तोच विषय आहे. "म्हातारीचं काय ऱ्हायलं असंल गं?" असं बायका एकमेकींना विचारत होत्या. काय राहिलं होतं ते मला चांगलं ठाऊक होतं. आपलं भांडण राहिलं होतं.

नऊ वर्षांचं भांडण. खळ्याच्या टोकाला लोखंडी पाइपावर जी बास्केटबॉलची रिंग आहे, ती नियमापेक्षा एक वीत उंच आहे. मी म्हणायचे, लावताना चूक झाली. तुम्ही म्हणायचात, चूक झालीच नाही. एवढंच. पण तुम्ही गेलात त्याच्या दोनच दिवस आधी मी तुम्हांला तोडून बोलले, "रविवारी तुमच्या भाच्याला बोलावून रिंग खाली घेणार आहे. तुम्हांला काय म्हणायचं ते म्हणा." तुम्ही नुसती कूस बदललीत. मला वाटलं रागावलात, उद्या बोलाल. दुसऱ्या दिवशी ग्लानी आली आणि तिसऱ्या दिवशी पहाटे तुम्ही गेलात. सासूसुनेचं शेवटचं बोलणं काय, तर रिंग.

अठ्ठ्याण्णव साली मी या घरात आले तेव्हा लग्नाच्या मांडवात माझ्या उंचीवरून किती बोलणी झाली ते तुम्हांला आठवतंय ना? नवऱ्यापेक्षा चार बोटं उंच सून. कुणीतरी तुमच्या कानाला लागलं, तेव्हा तुम्ही सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात म्हणालात, "बरंय की. माळ्यावरचं काढाया शिडी नगं." मी सांगलीची. घरी नोकरदार आईवडील, मैदानात वाढलेली मुलगी. पुण्यात एका सरकारी खात्यात क्रीडा कोट्यातून लागले आणि खात्याच्या बास्केटबॉल संघातून खेळायला लागले. तुमचा लेक त्याच खात्याच्या कबड्डीच्या संघात. मैदानाच्या पाण्याच्या नळावर आमचं जमलं. हे तुम्हांला कुणी सांगितलं नव्हतं, तरी तुम्हांला माहीत होतं.

माझी नोकरी काय हे तुम्हांला समजावताना माझी पुरेवाट झाली होती. सकाळ-संध्याकाळ मैदान, मधले दोन-तीन तास टेबल, आणि वर्षातले चार महिने गावोगावच्या स्पर्धा. तुम्ही शांतपणे ऐकून घेतलंत आणि विचारलंत, "म्हंजी तुला पळायचा पगार मिळतुया?" मी हो म्हटलं. "आन् आमी जल्मभर फुकाट पळतोय," म्हणून तुम्ही म्हशीला पाणी दाखवायला निघून गेलात. त्या दिवशी मला तुम्ही आवडलात.

मग सई झाली. बाळंतपणाला माहेरी गेले आणि दिवाळीनंतर तीन महिन्यांची पोर घेऊन इथं आले. तोवर संघ बदलून गेला होता. नव्या पोरी आल्या होत्या, माझ्या जागेवर एक चपळ मुलगी खेळत होती. खात्यात खेळाचं काम बघणारे साहेब मला स्पष्ट म्हणाले, "होळीनंतर निवड आहे. बारा जणींत आलात तर आलात. नाहीतर कायमचं टेबल. आम्हांला तरी किती वाट बघता येणार?" ते वाईट बोलले असं नाही, पण मी घरी येऊन चुलीपुढं बसून रडले. तेविसाव्या वर्षी माझा खेळ संपत होता. सईला पाजत होते आणि तिचाच राग येत होता, आणि राग येतो म्हणून आणखी रडू येत होतं. हे मी कुणालाच सांगितलं नाही. तुम्ही भाकरी थापत होतात. म्हणालात, "सरावाला जागा पायजे का? भात झोडून झालंय. खळं मोकळंच हाय."

खळं! तुमचं खळं म्हणजे देवघराच्या खालोखाल. दरवर्षी मुरूम चोपून, पाणी मारून, शेणानं सारवून तुम्ही ते स्वतः करायचात. पाहुणा असो की तलाठी, चप्पल घालून कुणी पाऊल टाकलं की तुमचा आवाज पार रस्त्यापर्यंत जायचा. त्या खळ्यावर तुम्ही मला चेंडू आपटायला दिलात. अट एकच: बूट घालायचे नाहीत. म्हणून खात्याच्या संघातली, राज्याकडून खेळलेली मी, पौषातल्या थंडीत अनवाणी ड्रिबल करत होते. शेणाच्या सारवणावर चेंडू सिमेंटसारखा उसळत नाही, गुडघ्यापर्यंत येऊन मरतो. तो कमरेपर्यंत आणायला दुप्पट जोर लावावा लागायचा. दर शनिवारी तुम्ही पोपडे उडालेलं सारवण पुन्हा नीट करायचात आणि मला ऐकू येईल इतपत पुटपुटायचात.

रिंग बसवली तुमच्या भाच्यानं. पांडू घोटावड्याच्या एका कारखान्यात वेल्डिंग करायचा. पाइप त्यानं आणला, रिंग त्यानं वाकवली, बोर्डाला गोठ्याच्या जुन्या दाराची फळी तुम्ही दिलीत. मी त्याला बजावलं होतं, दहा फूट, बरोब्बर दहा, टेप लावून बघ. आणि सई रडली म्हणून घरात गेले. बाहेर आले तेव्हा रिंग उभी होती. मी विचारलं, "मोजलंस ना?" पांडूनं तुमच्याकडं बघितलं आणि म्हणाला, "मोजलं की."

दोन महिने मी त्या रिंगवर चेंडू टाकला आणि दोन महिने तो पुढच्या कडेला आपटून परत आला. आधी वाटलं सराव नाही. मग वाटलं दृष्टी बसत नाही. मग खात्री झाली की बाळंतपणात हातातली ताकदच गेली. तुम्ही सईला मांडीवर घेऊन या दगडावर बसायचात, डिंकाचा लाडू माझ्या हातात ठेवायचात आणि एकच सांगायचात, "वर टाक, वर." मला तुमचा असा राग यायचा! हिला काय कळतंय, असं मनात म्हणायचे, आणि वर टाकायचे. हळूहळू पाय जास्त वाकवायला लागले, हात डोक्याच्या मागून काढायला लागले, चेंडू आंब्याच्या शेंड्यापर्यंत चढून मग खाली यायला लागला. होळीपर्यंत दहातले सहा आत जात होते. मला ते कमीच वाटत होते.

निवडीच्या दिवशी कित्येक महिन्यांनी बूट घातले तर पाय जड वाटले. पहिला चेंडू टाकला, तो बोर्डावरून पलीकडे. दुसरा, पलीकडे. तिसरा तर बाहेर बसलेल्या साहेबांच्या पायाशी. पोरी तोंड फिरवून हसल्या. मी रिंगकडं बघत उभी राहिले. ती मला खाली आल्यासारखी दिसत होती. कुणीतरी चेष्टा केली असं क्षणभर वाटलं. मग डोक्यात लख्ख प्रकाश पडला, आणि त्या भर मैदानात मी मोठ्यानं म्हणाले, "आत्या!" साहेबांना वाटलं मला चक्कर आली.

त्यानंतर माझा चेंडू चुकायला तयार नव्हता. जोर थोडा कमी केला, उंची तीच ठेवली. बारा जणींत माझं नाव शेवटून दुसरं होतं, पण होतं.

घरी आले ती आनंदानं नाही, तावातावानं. पांडूला हाक मारली, टेप लावायला लावली. दहा फूट नऊ इंच. पांडू म्हणाला, "वहिनी, म्या धाच धरलं व्हतं. आत्तीनंच वर घ्याया लावलं." आणि तुम्ही पायलीनं भात मोजत होतात. पहिल्या मापाला 'एक' न म्हणता 'लाभ' म्हणून सुरुवात केली होती, दोन झालं, तीन झालं, प्रत्येक पायलीवर शीग. मापाच्या कडेवरून दाणे ओघळल्याशिवाय तुम्ही ते पोत्यात ओतायचात नाही. मोजणं मधेच सोडायचं नसतं म्हणून मी पोतं संपेपर्यंत फुरफुरत उभी राहिले. शेवटी वरून एक ओंजळ टाकलीत, पदराला हात पुसलेत आणि म्हणालात, "आपल्या खळ्यावरनं आजपातुर कुणाला सपाट माप गेलंय व्हय? धा सांगितलंस, धा दिलं. वरची वीत माझी."

"अहो आत्या, ते भात नाही! नियम असतो."

"नियम कमी द्यायचा न्हाई यवढाच असतुया. जास्तीचं दिलं तर काय बिघाडलं? घेतली ना तुला?"

"नसती घेतली तर?"

"घेतली ना?"

या दोन शब्दांवर तुम्ही नऊ वर्षं काढलीत. "घेतली ना?" पुढं मी कर्णधार झाले तेव्हा, पेपरात फोटो आला तेव्हा, दक्षिणेकडच्या संघातल्या माझ्यापेक्षा हातभर उंच मुलीच्या बोटांवरून माझा चेंडू गेला आणि आम्ही उपांत्य सामना जिंकला तेव्हा, प्रत्येक वेळी मी सांगायला लागले की तुम्ही रिंगकडं हनुवटी करायचात. मला हसू यायचं, पण मी कबूल कधीच केलं नाही. चूक ती चूक, असं मी म्हणत राहिले. खरं तर ती उंच फेकच माझी ओळख झाली होती. समोरची मुलगी उडी मारून हात वर करायची आणि चेंडू तिच्या बोटांच्या वीतभर वरून जायचा. बरोब्बर तेवढाच. पोरी विचारायच्या, हे कुणी शिकवलं? मी म्हणायचे, आपोआप आलं. आत्या, हे मी खोटं बोलत होते.

मी बाहेरगावी असले की गावातल्या दुकानातल्या फोनवर तुम्ही यायचात. "पोर बरी हाय. खेळ." फोन खाली. एकदा मी रडत होते, शेवटच्या मिनिटाला माझे दोन फ्री थ्रो चुकून आम्ही हरलो होतो. मला वाटलं तुम्ही काहीतरी विचाराल. तुम्ही म्हणालात, "जेवलीस का? मग जेव. पोर बरी हाय." फोन खाली. मी जेवले.

सामना बघायला तुम्ही एकदाच आलात, पुण्यात. फडक्यात भाकरी बांधून, सईचा हात धरून पहिल्या रांगेत बसलात. एका संघानं बास्केट केली की चेंडू समोरच्या संघाला मिळतो हे बघून तुम्ही माझ्या लेकीला म्हणालात म्हणे, "ह्ये बरं हाय. ज्याला गावलं त्यानं दुसऱ्याला द्यायचं." सामना संपल्यावर मी घामानं निथळत तुमच्या पाया पडायला आले. आशीर्वाद द्यायच्या आधी तुम्ही रिंगकडं डोळे बारीक करून बघितलंत. "हितली टोपली आपल्यापरीस खाली हाय गं. कंजूस हायेत." माझ्या संघातल्या पोरी पोट धरून हसल्या, आणि मी दोन दिवस अचंब्यात होते. आमच्या पंचांना टेपशिवाय कळलं नसतं.

आता जे कधी बोललो नाही ते. सई चार वर्षांची झाली तेव्हा तुम्ही एकदा विषय काढलात. "दुसरं बघा आता. पोरगा झाला तर बरं." मी गुडघ्याला बर्फ लावून बसले होते, आधीच वैतागलेली. मी म्हणाले, "का? तुमच्या मापात मुलगी सपाट का?" हातातली परात तशीच घेऊन उठलात. पुन्हा तो विषय तुमच्या तोंडून कधी आला नाही. पुढं एकदा पारावरच्या कुणा बाईनं तुम्हांला तेच विचारलं, तेव्हा मी दाराआड होते. तुम्ही म्हणालात, "आमची सई शिगोशीग हाय. आनखी कशाला?" मी दाराआडच राहिले. बाहेर येऊन तुमचा हात धरायला हवा होता. बोललेलं मागं घ्यायचं मला मैदानात जमतं, घरात जमत नाही.

गेल्या वर्षी गुडघ्यानं दगा दिला आणि मी खेळ सोडला. निरोपाच्या दिवशी रडू येईल असं वाटलं होतं, आलं नाही. दहा-बारा वर्षं पोटभर खेळले होते. पोटभर खेळल्यावर माणूस रडत नाही, हातपाय धुऊन घरी येतो. मी इथं आले आणि रविवारी गावातल्या पोरींना खळ्यावर शिकवायला लागले. सात पोरी आल्या, मग अकरा. सगळ्या अनवाणी, तुमच्या धाकानं. सई शाळेच्या संघात गेली. आणि मला पुन्हा रिंग टोचायला लागली. या पोरी उद्या निवडीला जातील, त्यांचे चेंडू साहेबांच्या पायाशी पडतील. त्यांना त्या दिवशी 'आत्या!' असं ओरडायला कोण आहे? मी म्हणायचे खाली घेऊ, तुम्ही म्हणायचात ऱ्हाऊ दे. मी शिक्षिकेच्या हक्कानं बोलत होते, तुम्ही खळ्याच्या मालकिणीच्या. दोघींचंही खरं होतं. त्यातच तुमची तब्येत बिघडली, आणि मी ते तोडून बोलले.

आज सकाळी नदीवर पिंड ठेवले. वरच्या झाडावर चार कावळे होते, एकही खाली येईना. तुमचा लेक हात जोडून म्हणाला, "आई, म्हशी इकनार न्हाई." कावळा नाही. पांडू म्हणाला, "आत्ती, खळ्याला सिमेट लावू देनार न्हाई कुनाला." एक कावळा मान वाकडी करून बघायला लागला, पण जागचा हलला नाही. सई म्हणाली, "आजी, मी भाजी टाकणार नाही." लोक थोडे हसले. ऊन चढायला लागलं. गुरुजी म्हणाले, दर्भाचा कावळा करून शिवून घेऊ. तुमचा लेक 'बरं' म्हणणार इतक्यात मी पुढं झाले.

मी या गोष्टी मानत नाही, आत्या, तुम्हांला माहीत आहे. मी पिंडांपाशी गेले, तेही फक्त दर्भाच्या कावळ्यावर तुमची बोळवण होऊ नये म्हणून. सपाट माप झालं असतं ते. सगळ्या गावासमोर मी म्हणाले, "आत्या, पोरींसाठी खळ्याच्या दुसऱ्या टोकाला दहा फुटांची रिंग लावते. पण तुमची आहे तिथंच राहील. पोरी आधी तुमच्या रिंगवर शिकतील, मग नियमाच्या. मला तसंच आलंय. चूक नव्हती ती. माझा सगळा खेळ त्या वितीवर झाला."

मागं सरकायलाही मला वेळ मिळाला नाही. कावळा माझ्या खांद्यावरून गेला, पिंडाला चोच लावली आणि भाताचं एक शीत घेऊन उडाला. सगळ्यांनी सुटकेचा श्वास सोडला. तुमच्या लेकाचे डोळे वाहत होते, ते पुसायचंही त्याला सुचेना. पांडू माझ्याजवळ येऊन हळूच म्हणाला, "वहिनी, नऊ वर्सं लावलीसा."

पोरी आता यायला लागल्यात. आज रविवार नाही, तरी आल्यात. चपला कडेला काढून ठेवल्या आणि कुणी न सांगता तुमच्याच रिंगखाली रांग लावली. सईनं पहिला चेंडू टाकला, पुढच्या कडेला आपटून परत आला. मी लिहिता लिहिता मान वर केली आणि ओरडले, "वर टाक, वर!"

एका वितीनं जिंकलात, आत्या.